डाव्या बाजूची शिवण

स्वेटरचं बटण तुटलंय, असं सांगून पेनिना मुअल्लेम कपड्यांच्या खोलीत गेली. बटण तिनेच जिन्यात पिळून तोडलं होतं. गेले दोन आठवडे स्टुडिओत सगळे तिच्याशी जरा जास्तच गोड बोलत होते, आणि चौऱ्याहत्तर वर्षांच्या बाईशी लोक फुकट गोड बोलत नसतात, हे कळण्याइतकी ती जगली होती.

खोलीत कोणी नव्हतं. कपडे सांभाळणारी स्वेतलाना खाली कॉफी प्यायला गेली असावी. दांडीवर ‘चौथा मजला’चे कपडे ओळीने टांगलेले. मालिका नऊ वर्षं चालली होती आणि पेनिना तिच्यातली आई, जॉर्जेट. झवुलून हा जुना नट तिचा नवरा, शिमोन. तीन मुलगे, एक मुलगी, आणि दर आठवड्याला घरात काहीतरी जळत असायचं, कधी भात तर कधी कोणाचा संसार.

मोठ्या मुलाच्या करड्या शर्टावरून तिने सहज हात फिरवला आणि हात थांबला. गळ्याखाली डाव्या बाजूला शिवण उसवलेली होती आणि वर पांढऱ्या दोऱ्याने लांब लांब कच्चे टाके घातले होते. ओढलं की फाटावं असे. शेजारी तसाच दुसरा शर्ट, तसाच तिसरा. म्हणजे तीन वेळा चित्रीकरण करायचं तर तीन शर्ट. मधल्या मुलाचे तीन. मुलीचे झंपर तीन. सगळ्यांची डावी बाजू उसवलेली.

पेनिना तिथेच एका खोक्यावर बसली.

आपलं माणूस गेलं की कबरीजवळ अंगावरचा कपडा चार बोटं फाडायचा, ही तिच्या ज्यू लोकांची रीत. भाऊबहीण, नवरा, मूल गेलं तर उजवीकडे. आई किंवा बाप गेला तर डावीकडे, काळजावर. पेनिनाने डावीकडे दोनदा फाडलं होतं आणि नवऱ्यासाठी उजवीकडे एकदा. ते तिला कुठल्या पुस्तकात बघावं लागत नव्हतं.

म्हणजे जॉर्जेट जाणार, नाही तर शिमोन जाणार. धाकट्याचं काम करणाऱ्या नेवोचे शर्ट दिसत नव्हते, ते धुवायला गेले असतील. तिचे नि झवुलूनचे कपडे वेगळ्या दांडीवर असायचे. तिथे जाऊन तिने एकेक शिवण बोटांनी चाचपली. सगळं घट्ट.

“पेनिनाबाई, काय शोधताय?” दारात स्वेतलाना. खारकोव्हहून आली त्याला तीस वर्षं झाली, तरी प्रत्येकीला बाई लावून बोलायची.

“बटण.”

“द्या, लावते. तुम्ही बसा. कॉफी आणू? केक पण आहे.”

“केक कशाला?” पेनिना म्हणाली. “माझा वाढदिवस आहे का?”

स्वेतलाना हसली. पेनिनाला ते हसणंही आवडलं नाही.

*

एकोणिसाव्या वर्षी रामात गानच्या बाजारात मासळीवाल्याशी भांडताना एका दिग्दर्शकाने तिला पाहिलं होतं. मासा शिळा होता आणि ती खरंच बोलत होती, पण त्या माणसाला त्यात अभिनय दिसला. घरी तिचं नाव लुलू, म्हणजे मोती. दिग्दर्शक म्हणाला, हे अरबी वाटतं, पोस्टरवर चालणार नाही. हिब्रूत मोत्याला पेनिना म्हणतात, ते लावलं. बगदादहून आलेल्यांच्या तंबूंच्या छावणीत, आईच्या मांडीशी बसून दुसऱ्यांचे सदरे शिवत वाढलेली पोर सहा महिन्यांत थिएटरच्या भिंतीवर चढली.

मग पन्नासावर सिनेमे. आधी नवरी, मग मोलकरीण, मग दुसऱ्याचा नवरा पळवणारी, मग एकदम आई. तिशी ओलांडली नव्हती तेव्हा तिच्याहून दोन वर्षांनी मोठ्या नटाची ती आई झाली. पडद्यावर चार वेळा मेली. बाळंतपणात एकदा, ट्रकखाली एकदा, अब्रूपायी एकदा, आणि चौथ्यांदा तर पडद्यावर सुद्धा नाही. कोणीतरी आत येऊन म्हणालं, “ती गेली,” की झालं.

ती चौथी वेळ तिच्या मनातून कधी गेली नाही. जुनी मालिका होती. सकाळी मेकअपवालीने न मागता बशीत दोन बिस्किटं जास्तीची ठेवली आणि तिचा खांदा दाबला. दुपारी कागद हातात आला, गाडीचा अपघात. त्यानंतर बारा वर्षं तिच्या घरचा फोन वाजला तो चुकीच्या नंबरासाठी. त्या बारा वर्षांत तिने कार्टूनमधल्या बदकिणीला आवाज दिला. चांगला दिला. रस्त्यात मुलं तिला क्वॅक करून दाखव म्हणायची आणि ती करायची. घरी येऊन दार लावून घ्यायची.

जॉर्जेट गेली तर पुन्हा बदकीण. चौऱ्याहत्तरव्या वर्षी तर बदकीणही कोणी देणार नाही. बायका तिला भाजीबाजारात थांबवून सुनेच्या तक्रारी सांगायच्या, बसवाला थांबा नसताना गाडी थांबवायचा. हे सगळं पेनिनासाठी होतं की जॉर्जेटसाठी, हे तिने स्वतःला कधी विचारलं नव्हतं. आता एका पांढऱ्या दोऱ्याने तो प्रश्न तिच्यापुढे आणून ठेवला.

*

मंगळवारी सकाळी झवुलून कागदाची पिशवी घेऊन आला. तेल पिशवीतून बाहेर झिरपलेलं.

“घे. सफेंज आहेत. याफोत रांगेत उभा राहून आणलेत. गरम आहेत तोवर खा.”

सफेंज म्हणजे त्याच्या मोरोक्कोवाल्यांचे तळलेले गोड वडे. पेनिनाने पिशवीकडे पाहिलं, मग त्याच्याकडे.

“कोणासाठी?”

“तुझ्यासाठी. आणखी कोणासाठी?”

“नऊ वर्षांत तू मला एक ऑलिव्ह दिलं नाहीस.”

“दिलं असतं तर तू ते भातात घालून रात्रभर शिजवलं असतंस. तुम्हा पायजमेवाल्यांना काहीही रात्रभर शिजवायची खोड.”

“आणि तुम्हा सुरेवाल्यांना काहीही तळायची. मला विष घालतोयस का रे?”

बगदादचे ते पायजम्यात हिंडणारे पायजमेवाले आणि मोरोक्कोचे ते लगेच सुरा काढणारे सुरेवाले, हे दोघांचं चाळीस वर्षं चाललं होतं. चार सिनेमांत तो तिचा नवरा होता, एकात दीर. पण त्या सकाळी तो नेहमीसारखा खदखदून हसला नाही. खुर्ची ओढून तिच्याजवळ बसला.

“पेनिना, तू लांबलचक बोलणं पाठ कशी करतेस गं? समजा, दोन पानं.”

“का?”

“सहज.”

सहज! झवुलून अल्कायमने आयुष्यात सहज काही विचारलं नव्हतं. त्यातून दोन पानं? त्याला तर दोन ओळी लक्षात राहत नव्हत्या. गेली दोन वर्षं त्याचं पाठांतर धुऊन गेलं होतं, आणि ही गोष्ट जगात फक्त पेनिनाला ठाऊक होती. रस्ते सगळे आठवायचे, माणसं आठवायची, पडद्यावर बोलायचे शब्द तेवढे निसटायचे. “कोणाला कळलं तर मी त्याच दिवशी मेलो असं समज,” असं तो तिला म्हणाला होता, आणि तिने आईच्या कबरीची शपथ घेतली होती. तेव्हापासून ती त्याच्या ओळी सेटवरच्या साखरेच्या डब्यामागे चिकटवायची. आणि जिथे डबा नसेल तिथे त्याचं उत्तर आपल्या प्रश्नातच घालायची. “शिमोन, तू पोराला घराबाहेर काढणार, की त्याला अजून एक संधी देणार?” की झवुलून छाती भरून म्हणायचा, “अजून एक संधी!” पेपरवाल्यांनी लिहिलं होतं, काय हा नट, किती थोडक्यात बोलतो.

ती त्याच्या तोंडात घास घालत होती आणि तो आता तिला सफेंज घालत होता.

*

संध्याकाळी पाचला तो नेहमीसारखा तिला आपल्या जुन्या सुबारूतून घरी सोडायला निघाला. समोरून ऊन येत होतं म्हणून तिने डोक्यावरची फळी खाली ओढली, तर चार घड्यांचा कागद मांडीवर पडला. झवुलूनने एका हाताने तो हिसकावला. पण मोठ्या अक्षरातली पहिली ओळ तिने वाचली होती. ‘शिमोन कबरीजवळ उभा राहून बोलतो.’

“वाचलंस?”

“चष्मा पर्समध्ये आहे.”

“तर बरं. त्यांनी सही घेतलीय माझी. कोणाला बोलायचं नाही.”

“मग मी विचारलं का?”

“नाही विचारलंस.” थोडं पुढे गेल्यावर तो म्हणाला, “पेनिना, माझ्यावर रागावू नकोस. तुझ्याकडे एक काम आहे माझं, पण आज नको. मला जरा धीर होऊ दे.”

तिने खिडकीबाहेर पाहिलं. आता सगळं जुळत होतं. शर्ट डाव्या बाजूला उसवलेले, म्हणजे आई नाही तर बाप. बाप कबरीजवळ उभा राहून बोलतोय, म्हणजे खाली आई. दोन महिन्यांपूर्वी मालिकेत तिसऱ्या मजल्यावर एक विधवा राहायला आणली होती, बावन्न वर्षांची, कंबर असलेली. प्रेक्षकांना म्हाताऱ्याचं दुसरं लग्न दाखवायचं असणार. आणि हा, ज्याची जीभ दोन वर्षं तिने चालवली तो, तिच्या मरणाचा कागद डोक्यावर खोचून फिरत होता. वर रागावू नकोस म्हणत होता.

“इथे उतरते मी,” ती म्हणाली.

“अगं, अजून दोन चौक आहेत.”

“मला पाय आहेत.”

*

बुधवारी दुपारी शचार आपल्या खोलीत साबिख खात बसला होता. मालिका लिहिणाराही तोच आणि करवून घेणाराही तोच. वय चाळीस, पण कपडे शाळकरी पोराचे. पावातून वांगं आणि अंडं बाहेर येत होतं, नि आंब्याचं पिवळं लोणचं मनगटापर्यंत ओघळलं होतं.

“ये इम्मा, बस.” स्टुडिओत सगळे तिला इम्माच म्हणायचे, म्हणजे आई. “अर्धं खातेस?”

“आईला मारायच्या आधी अर्धं तरी देतोयस, उपकार झाले.”

“काय?”

“मी शिवणकाम करून पोट भरलंय शचार. कच्चा टाका मला कळतो. कबरीवर कोण बोलणार तेही कळलं. मला फक्त एवढंच विचारायचंय, तू त्या तोंडात दोन पानं घालणार आहेस ते कोणाच्या भरवशावर?”

“कुठल्या तोंडात?”

“झवुलूनच्या.” तिला थांबता येत नव्हतं, आणि थांबायचंही नव्हतं. “दोन वर्षं तो जे बोलतोय ते मी बोलतेय. जा, साखरेचा डबा उलटा करून बघ. मी गेले की तुझा शिमोन मुका होईल. मग त्याला त्या विधवेशी लग्न लावून दे, नाही तर नुसता खुर्चीत बसवून ठेव, शब्द काही निघायचा नाही त्याच्यातून.”

शचारने पाव खाली ठेवला. हात पुसायचे राहिले.

“इम्मा, जॉर्जेट कुठे जातेय?”

“मला विचारतोस?”

“नेवो जातोय. त्या पोराला लंडनला नाटक मिळालंय, तो आम्हाला सोडून चाललाय. बाप मुलाच्या कबरीवर बोलतो. तुला मी उद्या सांगणार होतो. सगळे तुझ्याशी नीट वागताहेत, कारण तुला मुलगा गमावल्याचं काम करायचंय आणि... त्यांना वाटलं तुला जड जाईल.”

पेनिनाने मान हलवली.

“खोटं. मुलगा गेला तर भावंडं उजवीकडे फाडतात. शर्ट डावीकडे उसवलेत.”

त्याने स्वेतलानाला फोन करून वर बोलावलं. ती टेप गळ्यात घालूनच आली.

“तुम्हीच लिहून दिलंत ना, उजवी बाजू,” ती शचारला म्हणाली. “तुमच्या कागदावरचं उजवं म्हणजे कॅमेऱ्याचं उजवं. खुर्ची उजवीकडे म्हटलं की मी कॅमेऱ्याच्या उजवीकडे ठेवते, पडदा उजवीकडे म्हटलं की कॅमेऱ्याच्या. नऊ वर्षं तेच करतेय. कॅमेऱ्याचं उजवं म्हणजे नटाचं डावं. आई-बापाचे कपडे पेनिनाबाईंना सांगितल्यावर उसवायचे होते.”

“अगं, पण ही रीत...”

“आमच्याकडे खारकोव्हला सरकार रीत कुठे पाळू देत होतं? मला काय ठाऊक, देव कुठून बघतो!”

शचारला हसू आवरेना. “इम्मा, वाचवलंस गं. आख्ख्या देशाने फोन करून आमच्या अंगावरचे शर्ट फाडले असते.”

पेनिना हसली नाही. पन्नास वर्षं कॅमेऱ्यासमोर काढून कॅमेऱ्याचं उजवं तिच्याच डोक्यात आलं नव्हतं. मरणाची खूण दिसली आणि ती घरचं डावं-उजवं धरून बसली.

“बरं, ते डब्याचं काय म्हणालीस?” शचारने विचारलं.

“काही नाही. रागात बोलले. म्हाताऱ्या बाईचं काय मनावर घेतोस?”

“दोन वर्षं म्हणालीस.”

“मी खोटं बोलते रे. धंदाच आहे माझा.”

तो उठला, हात पँटला पुसले आणि सेटकडे गेला. पेनिना मागे गेली नाही. डब्यामागे आजच्या ओळी होत्या, तिच्याच मोठ्या, शाळा न पाहिलेल्या अक्षरात.

*

गुरुवारी सकाळी नवी पानं आली. ‘जॉर्जेट कबरीजवळ उभी राहून बोलते.’ दोन पानं भरून. शिमोनला पुढच्या सगळ्या भागांत ‘हो’, ‘नाही’ आणि ‘जॉर्जेट, पुरे’. शचारने सोबत चिठ्ठी जोडली होती, की इम्मा, झवुलूनच्या प्रकृतीसाठी हेच बरं, त्याला आम्ही अपमान न करता सांगितलंय.

तिला लाज वाटत होती आणि तरी पाठ होत होतं. जेवणापर्यंत पहिलं पान झालं. एवढं चांगलं बोलणं तिला कोणी उभ्या जन्मात लिहून दिलं नव्हतं. बाळंतपणात मरताना नाही, ट्रकखाली तर नाहीच. एका जागी ती रडली आणि लगेच मनात नोंद केली, की इथे रडायचं, पण एवढं नाही.

पाच वाजता सुबारू दाराशी उभी होती. ती बसली. आयलोनच्या हमरस्त्यावर गाड्या तुंबल्या होत्या.

“कोणीतरी सांगितलं,” झवुलून म्हणाला. “कोणीतरी बघितलंय डब्यामागे.”

“असेल.”

“मला वाटतं ती रशियन, कपडेवाली. सगळीकडे हात घालते. काल वर गेली होती शचारकडे, मी पाहिलं. नाही तर तो आवाजवाला, कानाला हेडफोन लावून बसलेला असतो. त्याला तू कुजबुजलेलं ऐकू गेलं असेल. नाही तर ती तिसऱ्या मजल्यावरची भवानी, तिला माझी वाक्यं हवीत.” तो बोटं मोडत मोजत होता. “सात जणं होतात. सातातलं एक नक्की.”

सात जणांत ती नव्हती. पेनिनाने आयुष्यात कोणाचाही संशय घ्यायचं बाकी ठेवलं नव्हतं, अगदी आपल्या सख्ख्या बहिणीचाही. आणि या माणसाला सातांत ती आठवली नाही.

“उद्या त्या रशियन बाईला धरतो,” तो म्हणाला. “चारचौघांत विचारतो.”

“तिला नको विचारूस.”

“का? तुझी मैत्रीण कधीपासून झाली?”

“ती नाही म्हणून.”

“मग कोण?”

पुढची गाडी सरकली. मागून कोणीतरी हॉर्न दिला.

“मी,” पेनिना म्हणाली. “मला वाटलं मला मारताहेत आणि तू माझ्या कबरीवर बोलणार. म्हणून जाऊन सांगितलं.”

झवुलूनने गाडी कडेला घेतली. मागचा माणूस काच खाली करून दोघांच्या आयांबद्दल काहीतरी बोलला आणि पुढे गेला. झवुलूनने इंजिन बंद केलं.

“आईच्या कबरीची शपथ घेतली होतीस.”

“हो.”

“सफेंज आणले होते तुला.”

“म्हणून तर संशय आला.”

“मूर्ख बाई!” तो ओरडला. म्हातारपणी त्याचा आवाज अजून थिएटरभर होता. “ती दोन पानं मला जमेनात, म्हणून आणले होते! तुझ्याकडे मागायला येत होतो, की माझ्याशेजारी उभी राहा, तू विचार आणि मी बोलतो, नेहमीसारखं. चौदा दिवस घोकतोय. चौदा दिवस!”

“किती आलं?”

“चार ओळी.”

“म्हण.”

तो म्हणाला. समोरच्या काचेकडे बघत, न अडखळता, चारही. मुलाला सायकल शिकवताना मागून हात कधी सोडला ते मुलाला सांगितलंच नाही, असं काहीतरी होतं त्यात. पेनिनाने सकाळी त्याच ओळी पाठ केल्या होत्या आणि तिला वाटलं होतं, की आपल्याला जमल्या.

“तुला माफ केलं नाही मी,” झवुलून म्हणाला. “एवढ्यात करणारही नाही. पण या चार माझ्या आहेत. बाकीचं सगळं घे तू, ढीग घे. या चार मला परत आणून दे.”

“शचार ऐकायचा नाही. पानं छापून झाली.”

“तू ऐकव. माझं तोंड बंद करायला गेलीस तेव्हा बरी जीभ चालली.”

तिने पर्समधून फोन काढला, चष्मा काढला, नंबर शोधला. चार ओळी गेल्या की तिच्या बोलण्याच्या ऐन मध्यात भोक पडणार होतं, तिथेच, जिथे ती रडली होती. ते तिला ठाऊक होतं. अंगठा जरा वेळ फोनवर तसाच राहिला. मग तिने दाबलं आणि फोन कानाला लावला.

“कानाला नको,” झवुलून म्हणाला. “स्पीकरवर लाव. काय बोलतेस ते मला ऐकू दे.”